एकावर एक

ता. ११ जानेवारी
ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

आईला सांग, मी गारठत नाही. रस्त्यावरचा बर्फ काढायला पहिल्या दिवशी एकच जाडजूड कोट घालून गेलो. फावडं मारताना घामाघूम झालो आणि हात थांबताच तोच घाम हाडांत उतरला. मुकादमाने झापलं. आता आत पातळ बनियन, त्यावर लोकरीचा स्वेटर, वर वारा अडवणारं जाकीट. घाम फुटण्याआधी एक उतरवायचं, थांबलो की चढवायचं. मुकादम म्हणतो, माणूस कांद्यासारखा सोलता आला पाहिजे. आईला वाचून दाखव, हसेल.

लोभ या थंडीत गोठू देऊ नकोस.
तुझा टिल्ल्या

ता. ९ फेब्रुवारी
चि. टिल्ल्यास,
अ. उ. आ.

आई हसली नाही, कपाटाकडे गेली. तेव्हापासून भर उन्हात माझा बनियन, तुझा शाळेतला स्वेटर, बाबांचा कोट असं एकावर एक चढवून फाटकाशी तुझी वाट बघत बसते. म्हणते, पोराला तिकडे कमी पडायला नको. एक उतरवला की दुसरा घालते. तुझ्या वहिनीला म्हणाली, सासूला सोलायला निघालीस काय! डॉक्टर म्हणतात, हा उन्हाळा तिला झेपणार नाही. विसरण्यावर तर औषधच नाही. मला ती रंगारी समजते, भिंत कधी पुरी करणार विचारते. तुझं नाव तेवढं उरलंय. ते आहे तोवर ये. रोज देवापुढे एवढंच मागतो.

सर्वांचे आशीर्वाद.
दादा

ता. २६ फेब्रुवारी
ती. दादास,
शि. सा. न.

रस्ता पुन्हा गाडला गेला. तो मोकळा करणारे आम्हीच अडकलोय. मुकादमाच्या पाया पडलो, पण त्याच्या हातात काय आहे? आईला सांग, मी घरात आलोय, शेगडीपाशी बसलोय, अंगावर एक सदरा पुरतो. खोटं आहे, तरी सांग.

मला विसरू नका.
टिल्ल्या

ता. १५ मार्च
चि. टिल्ल्यास,
अ. उ. आ.

तू लिहिलंस तसं सांगितलं. आईने एकेक कपडा स्वतः उतरवला, घड्या घातल्या. मग माझ्या तोंडावरून हात फिरवून विचारलं, टिल्ल्या, आलास का? मी ओ दिली. देव माफ करो.

आता ती फाटकाशी जात नाही. दुसऱ्या दिवशी मी तुझं नाव घेतलं, तर तिने कोण म्हणून विचारलं. मी पुन्हा रंगारी झालोय.

रस्ता उघडला तरी घाई करू नकोस. घाम येण्याआधी एक उतरव, थांबलास की चढव. तेवढं मात्र विसरू नकोस.

दादा