अब्बांचा माईक

अब्बा, परवा शनिवारी शारजात क्रिकेट स्पर्धेत तुमच्या नावाची ट्रॉफी दिली. देणारा तोच आयोजक, आता काठीवर आलेला. म्हणाला, "बेटा, तुझे वालिद म्हणजे आमच्या घरचेच."

तुम्ही रास अल खैमाच्या टाइल्सच्या फॅक्टरीत सुपरवायझर होतात, पण लोक तुम्हाला ओळखायचे ते शुक्रवारच्या कॉमेंट्रीवरून. शारजाचं वाळूचं मैदान, टेनिस बॉल, रत्नागिरी-रायगडच्या गावांच्या टीम आणि मंडपाखाली माईक धरलेले तुम्ही. मराठीत सुरू करायचात, हिंदीत चिडायचात, शिवी तोंडावर आली की कोकणीत गिळायचात. पुढे रेडिओवरही शुक्रवारचा कार्यक्रम मिळाला. अम्मी स्वयंपाकघरात रेडिओ मोठा लावून मासे तळायची, शेजारणीला ऐकू जावं म्हणून.

मी पंधरा वर्षांचा असताना गावच्या टीमकडून पहिल्यांदा बॅटिंगला उतरलो. लाउडस्पीकरवर तुमचा आवाज आला, "या फलंदाजाचं लक्ष बॉलकडे नाही, पळून जायच्या वाटेकडे आहे. दुर्दैवाने हा माझाच मुलगा." सगळं मैदान हसलं. पुढच्याच बॉलला माझा त्रिफळा उडाला. गाडीत मी विचारलं, "अब्बा, असं का बोललात?" तुम्ही समोर बघत म्हणालात, "खोटं बोललो का?" त्यानंतर मी बॅट धरली नाही. तुम्हीही धर म्हणाला नाहीत.

मग ती फायनल. आयोजकाचा भाचा रनआऊट झाला, हातभर बाहेर होता, तरी अंपायरने नॉट आऊट दिलं. तुम्ही माईकवर म्हणालात, "अंपायरसाहेब, हा आऊट आहे हे रास अल खैमापर्यंत दिसलं. फक्त मामाच्या मंडपातून दिसत नसावं." आयोजक उठला, तुमच्या हातातून माईक ओढून घेतला. "खलास. उतर खाली." तुमच्या विनोदांना टाळ्या वाजवणारे सगळे तिथेच बसले होते. एकही उठला नाही. मीही त्यांच्यातच होतो, पण मी लहान होतो आणि माझं आधीच हसं झालं होतं. रेडिओचा कार्यक्रमही त्याच्याच जाहिरातींवर चालायचा, तोही गेला. मग तुम्ही टीव्हीचा आवाज बंद करून घरात कॉमेंट्री करायचात. एके दिवशी अम्मी म्हणाली, "आता घरात तरी गप्प बसा." तुम्ही बसलात, ते थेट गावी जाऊन वारेपर्यंत.

तर परवा त्याच माणसाने माझ्या हाती माईक दिला. "दोन शब्द बोल." मी म्हणालो, "ज्या हाताने ट्रॉफी दिलीत, त्याच हाताने माझ्या वडिलांचा माईक ओढला होतात. एवढंच." म्हातारा खुर्ची चाचपत बसला. कुणीतरी त्याला पाणी दिलं. अल मजाजला घरी परतताना मुलगी म्हणाली, "पप्पा, ही इज अ सिक ओल्ड मॅन." मी गाडी चालवत राहिलो.

हे पाठवायला पत्ता नाही, आणि असता तरी पाठवलं नसतं. तुम्हाला वाटलं असतं, पोरगा माझ्यासाठी बोलला. तुमच्यासाठी नव्हतं ते, अब्बा. म्हाताऱ्याचा चेहरा पडत गेला ना, ते बघताना मला मजा येत होती.