गुरुजींची नेमणूक

तेल्हारा, कार्तिक वद्य पंचमी, शके १७८९

संध्याकाळी गोविंदपंत आपण होऊन माझ्या बिऱ्हाडी आले. आत या म्हटलं, तरी उंबऱ्याबाहेरच उभे राहिले. माझ्या जन्माआधीपासून इथली पोरं त्यांच्याकडे शिकतात. आता शाळेला सरकारी मदत मिळायची आहे, आणि तिचा नियम असा की मुख्य मास्तर परीक्षेचा दाखला असलेलाच नेमावा. दाखला माझ्यापाशी आहे, म्हणून त्यांच्या जागी मी आलो. यात माझा काय दोष? तरी मन खातं.

नियम पुन्हा वाचला तेव्हा दिसलं, की मदतनीस गावाने आपल्या पैशाने ठेवला तर दाखल्याची अट नाही. तसाच पाटलांकडे गेलो. यंदा कापसाला भाव आहे. ते म्हणाले, "पगार देऊ आमी. पन पंत तुमच्या हाताखाली येतीन काय?"

तेच मलाही कळत नव्हतं. तरी दिवाळीआधीच पंतांना विचारून ठेवलं होतं.

आज उंबऱ्याबाहेरूनच म्हणाले, "येतो मी. तुमाले हेडमास्तर म्हनाची मले लाज नाही. पन पोरांसमोर तुमी मले गुरुजी म्हनजा."

मी लगेच हो म्हणालो. ते गेल्यावर ध्यानात आलं, गावात आल्यापासून मी त्यांना एकदाही कशाने हाक मारली नव्हती. नुसतं 'अहो' म्हणून भागवत होतो.