सरांना माहीत होतं

सर, तुम्हाला जाऊन सहा वर्षं झाली आणि तुम्हाला मैदानावरून हटवलं त्याला तेवीस. मधल्या काळात तुमच्याशी बोलायच्या संधी मला पुष्कळ मिळाल्या. दोन वर्षं तर आपण एकाच कॉलेजात कामाला होतो. तेव्हा बोलले नाही. आज रविवार, घरात कोणी नाही, आणि मी सकाळपासून स्वयंपाकघरातल्या टेबलाशी कागद घेऊन बसले आहे.

कॉलेजच्या कागदोपत्री तुम्ही रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेतले परिचर होतात. फौजेतून परत आलेले, पलटणीच्या संघातून बास्केटबॉल खेळलेले. मुलांच्या खेळांना शिक्षक होते, मुलींना कोणीच नव्हतं. कोणीतरी तुम्हाला विचारलं आणि तुम्ही हो म्हणालात. प्राध्यापक तुम्हाला एकेरी हाक मारायचे. सर म्हणायचो त्या फक्त आम्ही मुली. चार वाजता परीक्षानळ्या धुऊन, खाकी शर्ट बदलून तुम्ही यायचात, तरी हातांना अ‍ॅसिडचा वास असायचा. मैदानापासून समुद्र हाकेवर. खाऱ्या हवेनं रिंग गंजायची, आणि दर पावसाळ्यानंतर तुम्ही स्वतः शिडी लावून ती खरवडायचात, रंगवायचात. तुमचं लहानपण मिठागरात गेलं होतं. डोक्यावर मिठाची पाटी घेऊन हातभर रुंदीच्या बांधावरून चालायचं, तोल गेला तर पाटीसकट चिखलात. तोच तोल तुम्ही आम्हाला शिकवलात. मैदानाच्या कडेच्या अरुंद कठड्यावरून आम्हाला चालायला लावायचात, मध्येच थांबवायचात आणि एक पाय न हलवता मागे वळायला सांगायचात. माझ्या संघातल्या मुलींकडून मी आजही तेच करून घेते. हे कोणाचं, ते त्यांना कधी सांगितलेलं नाही.

मला संघात घेण्यासाठी तुम्ही आमच्या घरी आला होतात. बाबा अलिबागच्या कोर्टात कारकून. त्यांनी तुम्हाला पायरीवरच उभं ठेवलं. तुम्ही चप्पल काढून उभे, हात मागे बांधलेले, फौजेत राहतात तसे. पोरगी उंच आहे, पाय हलके आहेत, अंधार पडायच्या आत घरी पोचवीन, एवढंच म्हणालात. आईनं आतून चहा पाठवला तो तुम्ही उभ्यानंच प्यायलात. पुढे तीन वर्षं, सराव लांबला की तुम्ही सायकल हातात धरून आमच्या गल्लीच्या तोंडापर्यंत माझ्यासोबत चालत यायचात. दुसऱ्या वर्षी मी कॅप्टन झाले. एका मॅचमध्ये रिंगखाली मोकळ्या उभ्या असलेल्या मुलीला मी पास दिला नाही, स्वतःच बॉल मारला. तो रिंगमधून गेला, आम्ही जिंकलो. तुम्ही पुढचे चार दिवस मला खेळवलं नाहीत, सगळ्यांच्या बाटल्या भरायला लावल्यात. पाचव्या दिवशी जवळ बोलावून म्हणालात, "हुशार हायस गो तू. पन हुशारी दाखवायची लय घाई हाय तुला." मी आठवडाभर तुमच्यावर धुमसत होते.

तिसऱ्या वर्षी आम्ही पहिल्यांदाच विभागाच्या अंतिम सामन्यात पोचलो. सामना पनवेलला होता. दहा दिवस आधी सरावात माझा गुडघा मुरगळला. दाखवून ये आणि चिठ्ठी आण, असं तुम्ही बजावलंत. मी एकटीच सरकारी दवाखान्यात गेले. डॉक्टरांनी गुडघा दाबून पाहिला, सहा आठवडे उडी नाही, धावणं नाही, असं चिठ्ठीवर लिहून दिलं. ती चिठ्ठी मी एसटी स्टँडवर फाडली. तुम्हाला सांगितलं, साधी लचक आहे, डॉक्टर खेळ म्हणाले. चिठ्ठी मागितलीत तेव्हा घरी राहिली म्हणाले. दुसऱ्यांदा मागितलीत तेव्हाही तेच. पनवेलला निघताना बसच्या दारात तुम्ही मला अडवलंत. माझ्याकडे न बघता गुडघ्याकडे बघत विचारलंत, दुखत नाही ना. मी तिथल्या तिथे दोन उड्या मारून दाखवल्या. दुखलं इतकं की डोळ्यांपुढे अंधारी आली, पण मी हसत होते.

अर्धा सामना तुम्ही मला बाहेरच बसवलंत. आपण मागे पडलो तेव्हा मी तुमच्या शर्टाची बाही धरून विनवण्या केल्या. शेवटी तुम्ही मान हलवलीत. मी उतरले, तीन बास्केट केल्या. चौथ्या वेळी पाय रोवून वळले आणि गुडघ्यातून फांदी मोडल्यासारखा आवाज आला. तुम्ही मला उचलून रिक्षापर्यंत पळत नेलंत, तेव्हा पन्नाशीचे होतात.

मुंबईत ऑपरेशन झालं. घरी आले त्या आठवड्यात तुम्ही पांढऱ्या कांद्यांची माळ घेऊन आलात, तुमच्या शेतातल्या. बाबांनी फाटक उघडलं नाही. तुम्ही माळ फाटकाला अडकवून गेलात. आतल्या खिडकीतून मी बघत होते. ते कांदे आम्ही महिनाभर खाल्ले, सर. आई रोज जेवताना एक फोडायची आणि बाबा ताटात वाढलेला कांदा मुकाट्यानं खायचे. तोवर त्यांनी कॉलेजात लेखी तक्रार दिलेली होती, की जखमी मुलीला प्रशिक्षकानं बळजबरीनं खेळवलं.

चौकशी प्राचार्यांच्या खोलीत झाली. प्राचार्य, दोन प्राध्यापक, बाबा आणि कुबड्या घेतलेली मी. मी बाबांना खरं सांगितलं असतं तर त्यांनी माझं कॉलेज तिथेच बंद केलं असतं, अशी मला भीती होती, आणि ती भीती खोटी नव्हती. बाबांनी सांगितलं तसं मी लिहून दिलं. नवऱ्याला मी हेच सांगितलेलं आहे. डॉक्टरांनी खेळू नको म्हटलं होतं, हे सरांना माहीत होतं, तरीही त्यांनी उतरवलं, असा तो जबाब. मग तुम्हाला आत बोलावलं. बसायला कोणी सांगितलं नाही. प्राचार्यांनी माझा कागद मोठ्यानं वाचला. "सरांना माहीत होतं" या शब्दांवर तुम्ही माझ्याकडे पाहिलंत. रागानं नाही. एखादी मुलगी चुकून स्वतःच्याच रिंगकडे धावू लागली की तुम्ही जसं बघायचात, तसं. चिठ्ठी मागितली होती का, असं प्राचार्यांनी विचारलं.

"मांगितली व्हती," तुम्ही म्हणालात. "हाती आली न्हाय, तरी खेळवली. म्हंजे चूक माजीच."

खोटं बोलते ती, एवढं म्हणायला तुम्हाला किती वेळ लागला असता? दोघी मैत्रिणींनी तुम्हाला चिठ्ठी मागताना ऐकलं होतं, त्यांना बोलवा म्हणता आलं असतं. त्या दिवसापासून तुम्हाला मैदान बंद. नऊ वर्षं खपून तुम्ही उभा केलेला मुलींचा संघ पुढची आठ वर्षं नव्हताच. प्रयोगशाळेच्या खिडकीतून मैदान दिसतं, हे मला पुढे कळलं. तिथे उभे राहून तुम्ही नळ्या धूत राहिलात.

आणि मी पुन्हा चालू लागले, शारीरिक शिक्षणाची पदवी घेतली आणि त्याच कॉलेजात खेळाची शिक्षिका म्हणून आले. मुलाखतीत मी माझ्या दुखापतीची गोष्ट सांगितली होती, मोडून पडले आणि कशी उठले त्याची. ऐकणाऱ्यांना ती आवडली. पहिल्याच दिवशी तुम्ही मैदानाच्या कडेला येऊन उभे राहिलात. केस पांढरे झालेले. तुम्ही आत पाऊल टाकलं नाहीत, रेषेबाहेरूनच म्हणालात, "मॅडम, पच्छिमेकडची रिंग जरा झुकलीय. बघून घ्या." मॅडम. मला गो म्हणणारे तुम्ही. मी हो म्हटलं, थँक्यू म्हटलं आणि मुलींकडे वळले. दोन वर्षांत आपलं बोलणं झालं ते एवढंच. तुमच्या निवृत्तीच्या समारंभाला मी गेले नाही. त्या दिवशी मुलींची मॅच होती, असं सांगितलं होतं. मॅच नव्हती.

तुम्ही गेल्यावर रेवदंड्याला तुमच्या घरी जुन्या मुली जमल्या. दारात जाळी वाळत होती, शेजारच्यांची. तुमच्या बाईंनी सगळ्यांना पाणी दिलं, मलाही. एकेक जण तुमच्याबद्दल बोलत होती. एक म्हणाली, सर देवमाणूस, फक्त त्या एका मॅचमध्ये चुकले. सगळ्यांनी माझ्या गुडघ्याकडे पाहिलं. मी मान खाली घातली. त्यांना वाटलं मला रडू येतंय, आणि शेजारचीनं माझ्या पाठीवरून हात फिरवला. मी तो फिरवू दिला.

गेल्या आठवड्यात कॉलेजच्या तपासणीसाठी जुनी कागदपत्रं लावायचं काम माझ्याकडे आलं. त्यात तुमच्या चौकशीची फाईल निघाली. माझा जबाब दोन पानी आहे. मी तो उभ्यानं वाचला, मग दार लावून खुर्चीत बसून वाचला. अक्षर सुरेख आहे, सर. कुठे खाडाखोड नाही, एक काना इकडचा तिकडे नाही. दुसऱ्याच्या सांगण्यावरून घाबरत लिहिणाऱ्या मुलीचं अक्षर असं नसतं.

हे पत्र कुठे टाकायचं नाहीच आहे, तर तेवढं सांगून टाकते. बाबांनी मला काहीच सांगितलं नव्हतं. त्यांना मी सांगितलं तेच खरं वाटत होतं, मरेपर्यंत. चौकशीच्या आदल्या दुपारी मी कॉटवर पाय लांब करून वहीच्या मागच्या पानावर तो जबाब आधी कच्चा लिहिला होता. "बहुतेक सरांना माहीत असावं" असं आधी लिहिलं होतं. ते लेचंपेचं वाटलं, म्हणून खोडलं.