देवीच्या गाण्याची अर्धी कॅसेट

आत्या, त्या शुक्रवारी तू माझ्यावर ओरडली का नाहीस? दहा वर्षं झाली, अजून तेच विचारते आहे.

मी बी.ए. होऊन दोह्यात कारकुनीला आले तेव्हा तू आधीच इथे होतीस, मदिनत खलीफा वस्तीतल्या मराठी डॉक्टरांच्या घरी मुलं सांभाळायला. आपल्या वारली पाड्यांत तू धवलेरी; तू गायल्याशिवाय लग्न लागायचं नाही. इथे ती मुलं तुझं ऐकत आणि उत्तर इंग्रजीत देत. तरी तू त्यांना भाताची, वाघाची गाणी शिकवायचीस. "त्यांना काही कळत नाही गं," मी म्हणायचे. "तोंडात तर बसतंय," तू म्हणायचीस.

घरातली पहिली शिकलेली मी. हे सगळं जपायचं माझ्या मनानं घेतलं होतं. दर शुक्रवारी टेपरेकॉर्डर घेऊन मी तुझ्या ओट्याशी बसायचे. एकदा डॉक्टरीणबाई डोकावल्या, "आत्या, लग्न कुणाचं?" "कॅसेटचं," तू म्हणालीस, आणि भेंडी चिरत राहिलीस.

लग्नघराच्या भिंतीवर काढलेल्या चौकात देवीला बोलावायचं गाणं तेवढं तू देत नव्हतीस. ते लग्नातच म्हणायचं. मी हट्ट धरला, "तू गेलीस तर ते कुणाकडे राहील?" तू हात धुतलेस, परातीत तांदूळ घेतलेस आणि फरशीवर मांडी घातलीस. "मधे बोलायचं नाही. उठायचं नाही. निघालेल्या देवीला वाटेत उभं करायचं नाही."

तू गातेस. डोळे मिटलेले, बोटं तांदळात. मी तुझ्याकडे बघतच नाही, फिरत्या टेपकडे बघते. बाजू संपत येते, आणि बटण खटकन वर यायच्या आत मी तुझ्या दंडावर हात ठेवते. "थांब आत्या, एक मिनिट."

तू थांबलीस. मी कॅसेट उलटून बटण दाबलं आणि म्हटलं, "हं, पुढे." तू परातीकडे बघत होतीस.

"खलास," तू म्हणालीस. मुलांचं जेवण आटोपलं की म्हणायचीस, तसंच.

"पहिल्यापासून म्हण ना."

"तिला परत कुठून आणू पोरी? ती निघाली होती." मग उठून तू कुकर लावलास.

दुसऱ्या वर्षी तू गावी गेलीस आणि तापात गेलीस. फोन ऑफिसात आला. मी तो ठेवला, उरलेली पत्रं टाईप केली, चहा प्यायले. रडू आलं नाही. अजूनही आलेलं नाही.

गेल्या महिन्यात आपल्याकडच्या कॉलेजातल्या एका सरांचा फोन आला. ते धवलेरींची गाणी गोळा करतात. मी ती बाजू त्यांना फोनवरच ऐकवली. गाणं अर्धंच का, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, बॅटरी संपली. ते म्हणाले, हरकत नाही, शेवटचं बोलणं कापू आणि दुसऱ्या पाड्यातल्या बाईंचा पुढचा भाग जोडू, कुणाला कळणार नाही. मी बरं म्हटलं. ऐकायला सोपं वाटलं.

तुला वाचता येत नव्हतं, त्यामुळे हा कागद कुठे पाठवायचा हा प्रश्नच नाही. कॅसेट मात्र काल सुट्टीवर निघालेल्या आपल्याकडच्या ड्रायव्हरबरोबर दिली. सोबत सरांना चिठ्ठी लिहिली: बॅटरी संपली नव्हती. शेवटी 'थांब' म्हणणारा आवाज माझा आहे. तो कापू नका, आणि त्यापुढे काही जोडू नका.