हसरा फोटो

तोक्यो, ३ ऑक्टोबर
लागली एकदाची नोकरी! आओमोरीत बांगडे चिरून जीव विटला होता, आता थेट स्टुडिओ. कुरामोची तोने-सान यांचा हरकाम्या. बाई चाळीस वर्षं सिनेमात नि टीव्हीवर आहेत, पण कायम सासू, मोलकरीण, नाहीतर शेजारीण. स्वभावानं लोणी. आल्या आल्या दोन भाताचे गोळे हातावर ठेवले. रंगभूषेचे म्हातारे ओकाबे मला तेत्सुजी न म्हणता 'काय रे मासळ्या' म्हणतात. म्हणू देत.

७ ऑक्टोबर
आज मालिकेत बाई मेल्या. काळ्या चौकटीत लावायचा फोटो काढला. इथली रीत अशी की मेलेल्याचा फोटो काढला की माणसानं जागचं हलायच्या आत एक हसरा काढून घ्यायचा. नाहीतर मरण अंगाला चिकटतं. ते काम माझं. बाई दोन बोटं वर करून हसल्या, मी खटका दाबला.
मागाहून बघतो तर कॅमेऱ्यात रीळच नाही. बाईंनी विचारलं, चांगला आला का रे? मी म्हटलं, झकास.

११ ऑक्टोबर
बाईंच्या तोंडावरचा करडा रंग निघेना. ओकाबे म्हणाले, मी आज रंग लावलाच नाही, तूच नीट पूस मासळ्या. गरम टॉवेलनं पुसलं. वास आला. ओळखीचा. तीन दिवस उन्हात पडलेल्या आतड्यांचा. शी!

१४ ऑक्टोबर
दिग्दर्शक खूश. असा चेहरा कुणाचा नाही म्हणे. पुढच्या सिनेमात मरायला टेकलेल्या आईची मुख्य भूमिका दिली. चाळीस वर्षांत पहिली! बाईंनी रडत माझे हात धरले. बुळबुळीत, थंड. म्हणाल्या, तुझ्या फोटोनंच नशीब उघडलं. आता कसं सांगू?

१६ ऑक्टोबर
टॉवेलला गालाचं कातडं आलं. खाली पिवळं, वळवळतं. ओकलो. बाईंना दुखत नाही. जेवतात, भात गालातून—

१७ ऑक्टोबर
बाईंना सांगून टाकलं, रीळच नव्हतं. ओकाबे म्हणाले, आता फोटो काढून काय उपयोग, चिकटलेलं मरण दुसऱ्याला दिल्याशिवाय सुटत नाही.
बाईंनी ऐकलं. माझ्याकडे बघत होत्या.

१८ ऑक्टोबर
मुख्य भूमिकेचा पहिला दिवस. तासाभरात बोलावतील. रंगभूषेच्या खोलीला बाईंनी आतून कडी घातलीय. कॅमेरा त्यांच्या हातात. रीळ त्यांनीच घातलं. काळी चौकट मांडीवर— भांग नीट पाड म्हणतात, तेत्सु बाळा. डाव्या हाताची दोन बोटं वर धरलीत, हसतोय, उजव्यानं लिहितोय. बोटांना वास— माझ्याच बोटांना—
हात खाली घे म्हणतात. हसू नको म्हणतात. हसू न—