ऊर्वस्थी म्हणजे छाती नव्हे

रा. रा. सुकलालभाऊ यांस,

नंदुरबारहून नवलचा रामराम. तुम्ही व वहिनी खुशाल असाल असे धरून चालतो. मी किती उरलो आहे ते पुढे येईलच.

तुमचे वडील, म्हणजे आमचे सासरे मामा, संक्रांतीला आमच्याकडे आले, त्याच आठवड्यात मी मिरच्यांच्या गाडीवरून पडलो. एक पोते छातीवर आले, चाक उजव्या मांडीवरून गेले. (मिरच्या सुखरूप आहेत. पहिली चौकशी त्यांचीच झाली.) मी बेशुद्ध होतो. वैद्यबुवांनी तपासले, दारात उभ्या मामांना म्हणाले, "ऊर्वस्थी भंगली. फळ्या लावून घट्ट बांधा," आणि सुरतेच्या गाडीला पळाले.

मामा जन्माचे शाळामास्तर. ऊर भरून येतो तो छातीत, म्हणून ऊर्वस्थी छातीतली, असा त्यांनी निकाल दिला. शुद्धीवर आलो तर छातीला दोन फळ्या आणि तुमच्या बहिणीचे, छबूचे, अख्खे लुगडे आवळलेले. श्वास घेऊ की ओरडू ते ठरेना. "मामा, पाय मोडना, पाय!" असे मी कण्हत होतो. छबूही म्हणाली, "बाबा, त्या पाय पाय करी ऱ्हायनात." मामा तिच्यावरच खेकसले, "तुले काय समजस? दुखनं खाले उतरी ऱ्हायनं!" आणि त्यांनी लुगडे आणखी आवळले.

वैद्यबुवा आठवड्याने परतले. मला पाहून त्यांनी आधी लुगडे सोडले. मग त्यांनी अर्थ सांगितला: संस्कृतात ऊरु म्हणजे मांडी, तिची अस्थी ती ऊर्वस्थी. नारायण ऋषींच्या मांडीतून निघाली म्हणून ती अप्सरा उर्वशी. आपला छातीचा ऊर वेगळा, तो 'उरस्'वरून आला. व्युत्पत्ती सुंदर होती, पण तोवर पाय काळा पडून वास मारू लागला होता. धुळ्याला नेले. तिथे तो मांडीतून कापला. (अप्सरा निघाली नाही.)

छबू बरी आहे. वहिनींना नमस्कार.

आपला,
नवल

ता. क. मामा जेवत नाहीत. कापलेल्या जागेकडे पाहत ओसरीवर बसतात. मी "तुमची चूक नाही" म्हटले की उठून जातात. तुम्ही या, आणि वेळेवर बांधले असते तरी पाय गेलाच असता, असे मोठे डॉक्टर म्हणाले म्हणून सांगा. थोडे संस्कृत घाला, म्हणजे पटेल.

पुन्हा ता. क. तसे खरोखर डॉक्टरांना विचारायला जाऊ नका. मी विचारले आहे.