सासूबाईंची धाबळी आणि परदेशी कसर

डिस्कव्हरी गार्डन्स, दुबई
बुधवार

ती. रामेश्वर भाऊजींना नमस्कार.

तुमचे गुडघे आणि वहिनींचा खोकला कसा आहे ते कळवा. इकडे सर्व ठीक आहे असे लिहिणार होते. ठीक नाही.

गणपतीत तुम्ही सासूबाईंची आठवण म्हणून त्यांची सोवळ्याची लोकरीची धाबळी अनिलला दिलीत (सोवळ्याची, म्हणून चाळीस वर्षांत साबण न लागलेली). त्याने ती माझ्या लग्नाच्या शालूला लागून ठेवली. आता शालूच्या पदराला भोके आहेत आणि कपाटातून बारीक सोनेरी पतंग निघतात. कीड मारायला आलेले राहिलभाई म्हणाले, ही कसर मूळची युरोपातली, तिला गारवा मानवतो. बाहेर पंचेचाळीस असले तरी आपल्या एसीत तिला बारमाही युरोप आहे. पतंग काही खात नाही. लग्न, अंडी, मरण, सगळे दोन-तीन आठवड्यांत उरकते. खाते ती अळी. महिनोन्‌महिने, अंधारात, अंगाभोवती रेशमाची नळी विणून. घामाची आणि आमटीच्या डागांची लोकर तिला विशेष आवडते (म्हणजे आपले सोवळे). अनिल रोज चप्पल घेऊन उडणारे मारतो आणि आकडा सांगतो. ते बहुतेक नर. माद्या कपड्यांतच पळत असतात.

उपाय एकच, धुणे. साइटवर दोनशे माणसांना दिवसभर यल्ला यल्ला करणारा तुमचा भाऊ म्हणतो, दादाला विचारल्याशिवाय पाणी लावायचे नाही. धाबळीला आईचा वास आहे म्हणे. वास आमटीचा आहे, असे मी म्हणाले. (म्हणायला नको होते.) त्यावर काव्या कपाटात डोकावून म्हणाली, “पपा, दे आर ईटिंग आजी.” तो उठून बाल्कनीत गेला. सोमवारपासून अबुधाबीच्या साइटवर आहे.

तरी धुण्याची परवानगी ताबडतोब द्यावी. नाहीतर धाबळी अळ्यांसकट तुमच्याकडे परत येईल.

विनिता

ता. क. काल मी ती धुतली. मशीनमध्ये, गरम पाण्यात. अळ्या मेल्या. धाबळी आता हात पुसायच्या टॉवेलएवढी आहे.

ता. क. २. अनिल शुक्रवारी येतो. परवानगी कागदावर लिहा, वर मागच्या रविवारची तारीख घाला आणि फोटो पाठवा. धाबळी आटल्याचे मी सांगेन. वास गेल्याचे मला सांगता येणार नाही. सासूबाईंचे काही न धुतलेले अजून तुमच्याकडे असेल, तर येणाऱ्याबरोबर पाठवा. बरणीत घालून, झाकण घट्ट लावून.